एका छपराखाली दोन चुली

थोरलीला मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा ती घराच्या छपरावर बसली होती. वाऱ्याने सरकलेली कौलं एकेक करून जागेवर बसवत होती, आणि खाली अंगणात आम्ही बारा माणसं, गुडघ्यापर्यंत चिखलाने माखलेली, माना वर करून उभी होतो.

"किती आहात?" तिने वरूनच विचारलं.

"बारा," माझा धाकटा भाऊ म्हणाला.

"मी सहाला हो म्हटलं होतं."

"निरोप चुकला असेल, मावशी."

"निरोप नाही चुकला. तू चुकलास," ती म्हणाली आणि तिने पुढचं कौल उचललं.

त्या गोष्टीला आता खूप वर्षं झाली. भावाचं तेव्हा चपला-बुटांचं दुकान होतं, पण जीव सगळा डोंगरात अडकलेला. दुकानाला कुलूप लागलं की चार टाळकी गोळा करून निघायचा. मी टेलिफोन एक्स्चेंजमध्ये नोकरीला होते. दिवसभर कानाला यंत्र लावून लोकांची बोलणी एकमेकांना जोडून द्यायची, हे माझं काम. लग्न केलं नव्हतं, घरी वाट पाहणारं कुणी नव्हतं. त्या खेपेला त्याच्या गटातली एक बाई ऐन वेळी गळाली, म्हणून त्याने मला धरलं. दुकानातले नवेकोरे बूट माझ्या पायात चढवले आणि म्हणाला, "चालायचं कसलं त्यात, ताई? पायऱ्याच तर आहेत."

पायऱ्या होत्या, पण माणसांसाठी नव्हत्या, भातासाठी होत्या. शेवटच्या बसथांब्यापासून पायवाट सुरू व्हायची, ती या खाचराच्या बांधावरून त्या खाचराच्या बांधावर, दगडी भिंतींना लागून, डोंगराच्या खांद्यापर्यंत चढत जायची. प्रत्येक खाचरात पाणी भरलेलं आणि पाण्यात आभाळ. बांध जेमतेम पाऊलभर रुंद. एका बाजूला पाय घसरला तर चिखलात, दुसऱ्या बाजूला घसरला तर खालच्याच्या शेतात. लावणीचे दिवस होते. वाकलेल्या पाठी दिसायच्या, कुणीतरी मान वर करून "कुठवर?" असं विचारायचं, भाऊ गावाचं नाव सांगायचा आणि ती व्यक्ती "अजून लांब आहे हो" म्हणून पुन्हा वाकायची. दिवसभर जो भेटला त्याने हेच सांगितलं. गाव जवळ येतच नव्हतं.

आणि शेवटी आलं ते हे घर. लांबलचक, एकाच छपराचं. पण त्या छपराखाली दोन दारं होती आणि दोन ठिकाणांहून धूर निघत होता. अंगणाच्या मधोमध सरपणाची रास अशी रचलेली, की इकडच्याने तिकडे जाऊ नये.

थोरली शिडीने खाली उतरली. पन्नाशीची, सडपातळ, डोक्याला रुमाल घट्ट बांधलेला. तिने आम्हाला नजरेने मोजलं.

"सहा जण माझ्याकडे मावतील. बाकीच्यांनी त्या दाराशी विचारावं."

"तुम्ही विचाराल का?" भाऊ म्हणाला.

"मी नाही विचारणार."

विचारायची गरजही नव्हती. दुसऱ्या दारात एक बाई हात पुसत उभी होती. तोच चेहरा, तीच उभं राहायची ढब, फक्त अंगाने भरलेली आणि वयाने बरीच लहान. ही धाकटी. पुढे मला कळलं की दोघी सख्ख्या बहिणी आणि सख्ख्या जावा, दोन भावांना दिलेल्या. गावात कुणी त्यांची नावं घेत नसे. थोरली आणि धाकटी, बस्स.

"झोपायला जागा आहे," धाकटी भावाकडे बघत म्हणाली. "जेवणाचं मात्र माझ्याच्याने व्हायचं नाही. तिकडेच करावं लागेल सगळ्यांचं."

थोरली आभाळाकडे बघत म्हणाली, "बारा जणांचा भात शिजवायचं भांडं या घरात नाही. ते वाटणीत तिकडे गेलं."

"भांडं आलं, झाकण आलं नाही," धाकटी सरपणाच्या राशीला म्हणाली.

कुणी कुणाशी बोलत होतं ते आम्हाला काही क्षण कळेचना. मग थोरली माझ्याकडे वळली. सगळ्यांत वयस्कर बाई मीच होते, म्हणून असेल.

"ताई, तिला म्हणावं, झाकण देते. भांडं दे."

ती दहा पावलांवर उभी होती. सगळं ऐकत होती. तरी मी तिच्याकडे वळून म्हटलं, "त्या म्हणतात झाकण देते, भांडं द्या."

"तिला सांगा, भांड्यात बियाणं आहे, रिकामं करायला वेळ लागेल."

"त्या म्हणतात..."

"ऐकलं मी," थोरली म्हणाली.

नोकरीवर रजा टाकून आले होते आणि इथेही तेच काम माझ्या वाट्याला आलं होतं.

झाकण परसात सापडलं. त्याच्याखाली कोंबडीची पिल्लं झाकून ठेवली होती. पिल्लांना टोपलीत घातलं, झाकण राखेने घासून लख्ख केलं. भांडं आणलं भावाने आणि आणखी एकाने, दोन कड्यांना धरून. तांब्याचं, इतकं मोठं की त्यात एखादं मूल उभं राहिलं असतं. सासऱ्यांच्या वेळचं. वाटणीच्या दिवशी भांड्यावर दोघींनी हात ठेवला आणि कुणीच सोडेना, तेव्हा कुणीतरी वैतागून झाकण एकीला आणि भांडं दुसरीला देऊन टाकलं होतं. तेव्हापासून एकीकडे बियाण्यावर फळकूट ठेवलं जायचं आणि दुसरीकडे पिल्लं ऐटीत तांब्याखाली झोपायची.

स्वयंपाकघरही मुळात एकच. मध्ये फळ्यांची भिंत घातलेली, पण ती वर छपरापर्यंत पोचत नव्हती. त्या फटीतून धूर आणि बोलणं दोन्ही इकडून तिकडे जायचं. मी चुलीपाशी लसूण सोलत बसले होते. थोरलीने डाळ चढवली, मिठाचा डबा उघडला. पलीकडून आवाज आला, "ताई, तिला सांगा, मीठ आत्ता नको घालू म्हणावं. डाळ शिजत नाही."

थोरलीचा हात तसाच राहिला. "तिला म्हणावं, मला कोण शिकवतंय?"

पलीकडून हळू आवाजात, "तिला सांगा, हे मला तिनेच शिकवलंय."

चुलीकडे तोंड करून थोरली उगाचच लाकडं मागेपुढे करत राहिली. मीठ तिने मागाहून घातलं.

भात मात्र असा झाला होता, की आम्ही बारा जणांनी भांड्याचा तळ पुसून खाल्ला. नुसता भात, डाळ आणि परसातली पालेभाजी. त्या जेवणाची आठवण निघाली की भाऊ अजूनही डोळे मिटतो.

सकाळी सगळे खिंडीकडे निघाले. तिथून पलीकडच्या गावात मुक्काम करून ते दुसऱ्या दिवशी परतणार होते. मी पाय जमिनीला टेकवायच्या अवस्थेत नव्हते. नव्या बुटांनी टाचांची सालटी काढली होती. भाऊ ओशाळला. "चपलांच्या दुकानदाराची बहीण," थोरली म्हणाली, "आणि पायाला फोड. ठेव तिला इथेच. बूटही ठेव, माझ्या कोंबड्यांना घर होईल."

ती वरच्या खाचरांत लावणीला निघाली, तेव्हा मला घेऊन गेली. अनवाणी. चिखलाने टाचांना इतकं बरं वाटलं, की मला पुन्हा बुटात पाय घालावासाच वाटेना. मला बांधावर बसवून, माझ्या हाताशी रोपांच्या जुड्या ठेवून ती खाचरात उतरली. मी जुडी फेकायची, ती झेलायची, दोरी सोडायची आणि मागे मागे सरकत चिखलात रोपं खोचत जायची. बोलत होती ती माझ्याशी, पण बघत होती चिखलाकडे. तिची सगळी कहाणी मी तिच्या वाकलेल्या पाठीकडून ऐकली.

त्यांची आई लवकर गेली. थोरली तेव्हा जेमतेम दहा-अकरा वर्षांची, धाकटी कडेवरची. बाप दगड फोडायच्या कामावर जायचा, म्हणून धाकटीला वाढवली हिनेच. न्हाऊमाखू घातलं, केस विंचरले, भात शिजवायला शिकवलं. एवढीशी होती आणि सारखी चिवचिव करायची, म्हणून हाक मारायची 'चिमणे' अशी. थोरलीचं लग्न होऊन ती या घरात आली, तेव्हा धाकटी वाटेपर्यंत रडत मागे आली होती.

"तेव्हाच मी मनात ठरवलं," थोरली म्हणाली. "ती मोठी झाल्यावर सासूच्या मागे लागले, दिराच्या मागे लागले, नवऱ्याचं डोकं खाल्लं. दीर भोळा. त्याला म्हटलं, मुलगी बघायला जायची गरजच नाही, माझ्याकडे बघ, तशीच आहे. मीच हिला मागून आणली."

पुढची काही वर्षं घरात दोघींचंच राज्य होतं. एकच कंगवा, एकच आरसा, आणि एकीला ताप आला की दुसरी तिची लावणी करायची. थोरलीला मूल झालं नाही. धाकटीला मुलगा झाला, तो थोरलीच्याच मांडीवर वाढला. तिला तो मोठी आई म्हणायचा.

मग सासरे गेले आणि जमिनीची वाटणी झाली. वरची खाचरं थोरल्या भावाला, खालची धाकट्याला. पाणी यायचं डोंगराच्या कुशीतल्या झऱ्याचं, पाटाने आधी वरच्या खाचरात. ते भरलं की बांधाला ठेवलेल्या तोंडातून खालच्यात, तिथून आणखी खाली. म्हणजे खालचा वरच्याच्या मर्जीवर. एरवी त्याचं काही वाटलं नसतं. पण एका वर्षी पावसाने दगा दिला, झरा करंगळीएवढा झाला आणि थोरलीच्या नवऱ्याने बांधाचं तोंड चिखलाने लिंपून टाकलं. आपली रोपं तरी वाचवू, म्हणाला. खालची सगळी करपली.

"मी त्याला अडवलं नाही," थोरली म्हणाली. "अडवायला हवं होतं का, तर हवं होतं. पण तेव्हा माझ्यासमोर माझी रोपं होती."

धाकटी भर अंगणात आली. हातात वाळलेल्या रोपांची जुडी. ती बहिणीच्या पायाशी टाकली आणि सगळ्या गावादेखत म्हणाली, "दुसऱ्याचं पाणी अडवणाऱ्यांच्या घरात पाळणा कसा हलेल?"

मी बांधावर हातात जुडी धरून तशीच बसून राहिले. थोरली थांबली नव्हती. खोचत खोचत मागे येत होती.

"माझ्याच मांडीवर वाढवलेल्या मुलाच्या आईने म्हणावं हे," ती म्हणाली. "त्या दिवसापासून बोलणं बंद. बांधाचं तोंड बंद झालं, आमची तोंडंही बंद झाली. मग घराची, भांड्यांचीही वाटणी झाली आणि फळ्यांची भिंत घातली."

काही वर्षांनी तिचा नवरा छातीच्या दुखण्याने गेला. धाकटी अंगणात येऊन उभी राहिली, सगळी माणसं जाईपर्यंत उभी होती, पण शब्द बोलली नाही. धाकटीचा नवरा आणि मुलगा शहरात एका गॅरेजात कामाला लागले. एका छपराखाली दोन बायका राहिल्या. एकीचा खोकला दुसरीला ऐकू जायचा.

"मग पुढच्या लावणीला पाण्याचं काय केलंत?" मी विचारलं.

"तोंड उघडलं. नवरा गेल्यावर पहिलं काम तेच. आणि पुन्हा कधी लिंपलं नाही."

"बहिणीसाठी?"

"भातासाठी," ती पटकन म्हणाली. "भाताने काय घोडं मारलंय?"

पाहुणे ठेवायला लागली तीही अशीच, ठरवून नव्हे. एकदा एक नवरा-बायको धुक्यात वाट चुकले आणि तिच्या दाराशी आले. तिने त्यांना जेवू घातलं, पांघरुणं दिली. गप्पा मारता मारता तिच्या लक्षात आलं, की आपण हसतोय आणि त्या हसण्याचं आपल्यालाच नवल वाटतंय. घरात आपला आवाज आपण किती दिवसांनी ऐकला हे तिला आठवेना. ती दोघं निघाली तेव्हा तिनेच सांगितलं, आणखी कुणी येणार असेल तर पाठवा. मग वाटेच्या फाट्यावर एक मोठा दगड चुन्याने रंगवला आणि त्यावर बाण काढला. "लोक म्हणतात पाहुण्यांना माझ्या हातचा भात आवडतो," ती म्हणाली. "मला त्यांची बडबड आवडते. तू बोलत नाहीस फारशी. तुझ्यात माझं नुकसान आहे."

मला तिने 'तू' कधी म्हणायला सुरुवात केली ते माझ्या लक्षात आलं नाही.

दुपार कलली तेव्हा ती एकदम ताठ उभी राहिली. ज्या बांधावर मी बसले होते त्याच्या पलीकडच्या टोकाला, दगडांच्या फटींतून गढूळ पाणी झिरपत होतं. दगडी भिंतीचं पोट पुढे आलं होतं. भिंतीच्या बरोबर खाली, आपल्या खाचरात, धाकटी एकटीच वाकून लावणी करत होती.

"ताई, तिला म्हणावं, बाजूला..." थोरली म्हणाली.

मी ओरडायला तोंड उघडलं. त्याआधीच तिच्या तोंडून हाक गेली, इतक्या मोठ्याने की समोरच्या डोंगरावर आदळून परत आली.

"चिमणे! पळ तिथून!"

धाकटीने मान वर केली. भिंतीकडे नाही, बहिणीकडे बघितलं. मग हातातली जुडी टाकून ती बाजूला धावली, आणि मागोमाग भिंतीचं ते पोट फुटलं. दगड, चिखल, नुकतीच लावलेली रोपं, सगळं एका लोंढ्यात तिच्या खाचरात ओतलं गेलं. जिथे ती वाकली होती तिथे आता गुडघाभर राडा होता.

मला वाटलं ती घराकडे पळेल. ती वर आली. धापा टाकत, चिखलाने भरलेली, हातापायांवर चढत. वर आल्यावर दोघी क्षणभर एकमेकींसमोर उभ्या राहिल्या. मग थोरली म्हणाली, "पाट वरच फोड. पाणी ओढ्याकडे काढ आधी." आणि धाकटी पाटाकडे धावली.

पाणी वळलं. आता भिंत उभी करायची होती, नाहीतर पावसाची पुढची सर आली असती की उरलेलं खाचरही गेलं असतं. चिखल थोपवून धरायला काहीतरी हवं होतं. धाकटी घराकडे गेली आणि फळ्या घेऊन आली. पुन्हा गेली, पुन्हा आणल्या. चांगल्या लांब, रुंद, एका बाजूने धुराने काळ्या पडलेल्या.

"कुठून आणल्यास?" थोरलीने विचारलं.

"घरातल्या."

"घरातल्या कुठल्या?"

"होत्या तेवढ्याच."

थोरलीने एका फळीवरून हात फिरवला. तिला कळलं. मलाही कळलं. तिने ती फळी उभी केली आणि पायाने चिखलात रोवली.

मग दोघी दगड रचायला बसल्या. मी पाय दुखतात हे विसरून खालून दगड देत होते, धाकटी ते वर पोचवत होती, थोरली बसवत होती. बराच वेळ फक्त दगडांवर दगड बसल्याचा आवाज येत होता.

"तेव्हा मी जे बोलले..." धाकटीने सुरुवात केली.

"दगड दे."

तिने दगड दिला. थोड्या वेळाने पुन्हा म्हणाली, "माझी सगळी रोपं करपली होती गं. माझं डोकं ठिकाणावर..."

"मी विसरलेले नाही," थोरली म्हणाली. हात थांबवून, तिच्याकडे बघून. "बहुतेक विसरणारही नाही. तू पण ते करपलेलं शेत विसरू नकोस. पण म्हणून काय जन्मभर या ताईला मध्ये घालायचं? दे तो दगड. तो नव्हे, चपटा."

धाकटीने डोळे दंडाला पुसले आणि चपटा दगड दिला. तिच्या गालावर चिखलाचा पट्टा उठला. थोरलीने तो बघितला, आपल्या हाताने पुसायला गेली, आणि तिच्याच हाताचा चिखल लागून पट्टा आणखी रुंद झाला. त्यावर आधी कोण हसलं ते मला आता सांगता येणार नाही.

उजेड होता तोवर भिंत कंबरेइतकी झाली. घरी आलो तर स्वयंपाकघर एकदम मोठं झालेलं. फळ्यांच्या जागी जमिनीवर नुसती एक रेघ राहिली होती.

"थंडीत वारा येईल इकडून तिकडे," थोरली म्हणाली.

"येऊ दे," धाकटी म्हणाली आणि तिने आपल्या चुलीतला निखारा चिमट्यात धरून बहिणीच्या चुलीत टाकला.

दुसऱ्या दिवशी भाऊ आणि मंडळी खिंडीतून परतली, तेव्हा आम्ही तिघी एकाच पायरीवर बसून चहा पीत होतो. भाऊ बिचारा आत डोकावला, बाहेर आला, पुन्हा आत डोकावला. "इथे भिंत होती ना?" त्याने विचारलं. "शेतात नेली," थोरली म्हणाली. त्याला वाटलं, ती थट्टा करतेय.

त्यानंतर मी जवळजवळ दरवर्षी गेले. कधी भावाबरोबर, कधी एकटीने, आणि नेहमी जुन्या चपला घालून. डोंगर चढायची हौस मला फारशी नव्हतीच. मला त्या घराच्या ओसरीवर बसायची हौस होती. पहाटे खाचरांवरून धुकं वर सरकताना बघायचं, ओल्या सरपणाचा धूर डोळ्यांत जायचा, आत दोघींचं भांडण चालू असायचं. हो, भांडण. बोलणं सुरू झालं म्हणजे सगळं गोडीगुलाबीचं झालं, असं कुणी समजू नये. इतक्या वर्षांचं साचलेलं होतं, ते रोज थोडंथोडं बाहेर यायचं. मीठ किती, पाहुण्यांना कुठल्या खोलीत झोपवायचं, आईचा आवाज कसा होता. थोरली म्हणायची जाडा होता, धाकटी म्हणायची मऊ होता. धाकटीला आई आठवण्याचं काही कारणच नव्हतं, तेव्हा थोरली चिडायची. "तू मला सांगतेस?" धाकटी शांतपणे म्हणायची, "मला तुझाच आवाज आठवतो. तो मऊ होता." मग थोरली काहीतरी काम काढून बाहेर जायची.

पाहुणे वाढले. लोक 'बहिणींचं घर' विचारत यायला लागले. धाकटीचा मुलगा शहरातून परत आला, वरच्या माळ्यावर त्याने खिडक्या पाडल्या, बाहेर एक न्हाणीघर बांधलं. मोठ्या आईने केलेल्या प्रत्येक गोष्टीला तो 'बरोबर आहे' म्हणायचा, त्यावरून त्याच्या आईचा आणि त्याचा वाद व्हायचा. पुढे रस्ता आला. आधी कच्चा, मग डांबरी. चालत येणारे कमी झाले, गाडीने येणारे वाढले. ते दारातच उतरायचे, फोटो काढायचे, दोन तासांत निघून जायचे. गावातली कितीतरी खाचरं पडीक पडली. एकेकाळी डोंगरभर आभाळ पसरलेलं असायचं, आता मधे मधे गवताचे पट्टे दिसायला लागले. थोरली म्हणायची, "या लोकांना वाटतं डोंगर असाच उगवला." पण आपली खाचरं तिने एकही वर्ष ओसाड ठेवली नाहीत.

भावाने दुकान विकलं. त्याचे गुडघे गेले, माझीही निवृत्ती झाली. माझं जाणं दोन वर्षांनी, तीन वर्षांनी असं लांबत गेलं.

गेल्या लावणीच्या वेळी धाकटीच्या मुलाचा फोन आला. मोठी आई गेली, म्हणाला. आजारी नव्हती. शेतातून आली, दारात बसली, चिमणे पाणी दे म्हणाली, आणि पाणी येईपर्यंत गेली होती. मी काही बोलायच्या आत त्याच्या हातातून फोन धाकटीने घेतला.

"ऐकतेस ना?" ती म्हणाली. "वरची लावणी राहिलीय. रोपं तयार आहेत. आणखी थांबली तर त्यांचा उपयोग नाही."

तिच्या आवाजात रडणं नव्हतं. मी म्हटलं, "मी येऊ का?"

"म्हणून तर सांगतेय."

मी गेले. गाडीने, दारापर्यंत. काय बोलावं याची वाटभर जुळवाजुळव केली होती, त्यातलं काहीच बोलावं लागलं नाही. ती डोक्याला रुमाल बांधून तयार उभी होती. माझा हात धरून तिने मला बांधावरून वर नेलं. आता तिचीही चाल मंदावली होती, दर वळणावर आम्ही दोघी थांबत होतो आणि खाली काहीतरी बघायला थांबलोय असं एकमेकींना दाखवत होतो. मला खाचरात उतरणं शक्य नव्हतं. मी बांधावर बसून जुड्या फेकल्या, ती झेलत गेली, मागे सरकत खोचत गेली. थोरलीचा हात वेगवान होता, हिचा सावकाश, पण ओळ सरळ. काम करता करता ती बोलत होती. बहीण लहानपणी झाडावरून कशी पडली होती, लग्नाच्या दिवशी कशी उपाशी झोपली होती, एकदा पाहुण्याच्या बुटात साप निघाला तेव्हा कशी त्या पाहुण्यालाच रागावली होती. मध्येच थांबायची, चिखलात हात तसाच ठेवून. मी पुढची जुडी फेकत नसे. मग ती हात पुढे करायची आणि मी फेकायचे.

वरचं शेवटचं खाचर हिरवं झालं तोवर ऊन समोरच्या डोंगरावर गेलं होतं. धाकटीने पाटाच्या पाण्यात हात धुतले, कंबर हळूहळू सरळ केली.

"चल," ती म्हणाली. "मुलाने चहा ठेवला असेल. फुळकवणी करतो, पण करतो."